गोष्टींचं देशांतर

इंदूरच्या रामबागेतल्या आमच्या वाड्यात दिवसा गोष्ट सांगावी की नाही, याबद्दल दोन मजल्यांवर दोन मतं होती. खाली राहणाऱ्या चाची म्हणायच्या, "दिन में कहानी कहोगे तो मामा रस्ता भूल जाएगा." त्यांची गोष्ट रात्री, अंगणात खाटा पडल्यावरच सुरू व्हायची. वर आमची माई, माझी आजी, श्रावणी सोमवारची पूजा आटोपली की भर दुपारी आम्हा पोरांच्या मुठींत अक्षता द्यायची आणि म्हणायची, "ऐका परमेश्वरा सोमवारा, तुमची कहाणी. आटपाट नगर होतं. तिथं एक राजा होता."

मला मामा एकच. तो अकोल्याला राहायचा आणि राखीपौर्णिमेला आईकडे यायचा. त्याचा रस्ता मला पाठ होता, कारण आप्पांनी, म्हणजे आजोबांनी, नकाशावर बोट धरून तो शिकवला होता. अकोल्याहून मीटरगेजनं खंडवा, पुढे मोरटक्क्याला नर्मदेचा पूल, मग कालाकुंड, पातालपानीचा घाट, महू आणि इंदूर. एवढ्या लांबच्या वाटेवर माणूस चुकायला किती जागा! राखीच्या आधीच्या सोमवारी माई कहाणी सांगत होती आणि मी दोन्ही कानांत बोटं घालून बसले होते. मुठीतल्या अक्षता फ्रॉकवरून घरंगळून जमिनीवर पसरल्या. माई थांबली नाही. कहाणी सुरू झाली की मध्ये थांबवत नाहीत.

संध्याकाळी आप्पांनी मला गच्चीवर बोलावलं. मी रडत रडत मामाचं सांगितलं. ते हसले नाहीत, याचं मला आजही बरं वाटतं. म्हणाले, "चाचींचा नियम चाचींच्या गोष्टीला. माईच्या कहाणीला तो लागत नाही. तिचं घड्याळ निराळं आहे." दोन दिवसांनी मामा आला, पानाच्या द्रोणात कालाकुंडचा कलाकंद घेऊन. आणि त्याच आठवड्यात आप्पांनी मला पहिल्यांदा ती वही दाखवली.

आप्पा इंदूरच्या एका मराठी शाळेत भूगोल शिकवत. वही दुकानदार वापरतात तसली, लाल कापडी बांधणीची, उभी. पहिल्या पानावर बोरूनं लिहिलं होतं, 'कथादेशांतर'. हे शास्त्र त्यांचं स्वतःचं. जगात दुसऱ्या कुणाला ते ठाऊक नव्हतं, आणि आप्पांनी ते अगदी गंभीरपणे, चाळीसएक वर्षं चालवलं.

देशांतर हा शब्द त्यांनी ज्योतिर्गणितातून उचलला होता. आपल्या जुन्या सिद्धांतकारांनी पृथ्वीवर एक मध्यरेषा धरली. ती लंकेतून निघते, उज्जैनवरून जाते आणि कुरुक्षेत्रावरून उत्तरेकडे मेरूला पोचते. ग्रंथातली ग्रहांची गणितं त्या रेषेसाठी. तुम्ही रेषेच्या पूर्वेला किंवा पश्चिमेला राहत असाल, तर उत्तरात काही मिळवायचं किंवा वजा करायचं. त्या दुरुस्तीचं नाव देशांतर संस्कार. पृथ्वी एक अंश फिरायला चार मिनिटं घेते, सगळा हिशेब त्यावरून. इंदूरचा रेखांश ७५ अंश ५२ कला, उज्जैनचा ७५ अंश ४६ कला. म्हणजे आम्ही जवळजवळ रेषेवरच राहतो. आणि भिंतीवरचं घड्याळ मात्र चालतं साडेब्याऐंशी अंशांवर, मिर्झापूरजवळच्या रेषेवर. १ जानेवारी १९०६ पासून ती सगळ्या देशाची वेळ ठरली. मुंबईनं ती बरीच वर्षं मनावर घेतली नाही, आपली ३९ मिनिटं मागची वेळ १९५५ पर्यंत चालवली.

हे आप्पांनी मला तोंडी सांगितलं नाही. गच्चीवर एक काठी ओळंब्यानं सरळ उभी करून ठेवली होती. तिची सावली सगळ्यांत आखूड होते ती आपली दुपार. घड्याळात बारा वाजायचे आणि सावली अजून आखूडच होत असायची. कधी सव्वाबाराच्या पुढे, कधी साडेबाराच्याही नंतर, पण वर्षाची सरासरी काढली तर बारा वाजून सव्वीस-सत्तावीस मिनिटांनी इंदुरात खरी दुपार होते. जूनच्या पहिल्या आठवड्याच्या अखेरीला एक दिवस असा येतो की काठीची सावली पायाशीच विरून जाते. तो दिवस आमच्या घरी सणासारखा असायचा. मळभ नसलं तर आप्पा सगळ्यांना गच्चीवर गोळा करायचे, चाचींनासुद्धा.

एका २१ जूनला ते मला उज्जैनच्या वेधशाळेत घेऊन गेले. जयपूरच्या सवाई जयसिंगांनी अठराव्या शतकात बांधलेल्या पाच वेधशाळांपैकी ही एक. पुढे पडझड झाली तेव्हा १९२३ साली ग्वाल्हेरच्या माधवराव शिंद्यांनी ती दुरुस्त करून घेतली. उज्जैन कर्कवृत्ताच्या इतकं जवळ आहे की २१ जूनच्या दुपारी तिथल्या शंकूची सावली जवळपास नाहीशी होते. सम्राट यंत्रावर, म्हणजे तिथल्या मोठ्या सूर्यघड्याळावर, सावली सरकत होती, शेजारी तक्ता होता. यंत्रावरची वेळ वाचा, त्यात तक्त्यातली मिनिटं मिळवा, की हातातल्या घड्याळाची वेळ येते. आप्पांनी मला तीनदा वाचायला लावली. परतीच्या बसमध्ये म्हणाले, "यंत्र खोटं आहे का?" मी म्हटलं नाही. "घड्याळ?" तेही नाही. "मग गोष्टींच्या बाबतीत लोक इतके भांडतात कशाला?"

वहीत रकाने होते. गोष्ट कुठे ऐकली. केव्हा, म्हणजे तिथी आणि प्रहर. कुणी सांगितली, आणि तिच्या किंवा त्याच्या हातात काय काम होतं. मागच्या खेपेपेक्षा काय बदललं. शेवटचा रकाना होता 'मूळ'.

हातातल्या कामाचा रकाना मला सगळ्यांत लाडका. बटले, म्हणजे मटार, सोलताना सांगितलेली गोष्ट थांबत थांबत जाते, कारण प्रत्येक शेंगेला सांगणारी खाली बघते. स्वेटर विणताना सांगितलेल्या गोष्टीत राजाला कधी चार मुलं असतात कधी पाच, टाके मोजताना आकडे सांडतात. जात्यावरच्या गोष्टीत एक ओळ पुन्हा पुन्हा येते, हाताला तेवढा वेळ लागतो म्हणून. माईच्या काही गोष्टी फक्त जात्यावरच्या होत्या. घरचं दळण गिरणीवर जायला लागलं, जातं जिन्याखाली गेलं, आणि त्या गोष्टी माईला सांगताच येईनात. मी मोठी झाल्यावर हट्ट धरून तिला बसवलं. ती सुरुवात करायची, दोन ओळींनंतर तिचा उजवा हात आपोआप गोल फिरायला लागायचा आणि ती गप्प व्हायची. वहीत आप्पांनी त्या गोष्टींच्या नावांपुढे फक्त 'जातं' असं लिहिलं आहे. गोष्ट माणूस विसरतो, असं आपण समजतो. मला वाटतं, तिला उतरायला दिवसात जागा उरत नाही, मग ती निघून जाते.

चाचींच्या रात्रीच्या गोष्टींचंही तसंच. 'सुबह-ए-बनारस, शाम-ए-अवध, शब-ए-मालवा' असं जे म्हणतात, त्यातली मालव्याची रात्र आम्ही अनुभवली आहे. इंदूर समुद्रसपाटीपासून साडेपाचशे मीटर उंच, पठारावर. मे महिन्यातही दिवसभर भाजून निघालं तरी रात्री वारा सुटायचा, अंगावर पातळ चादर लागायची. अशा रात्री झोपावंसं वाटत नाही. सराफ्यात सोन्याचांदीची दुकानं बंद झाल्यावर त्यांच्याच ओट्यांवर खाण्याची दुकानं मांडतात आणि गाव मध्यरात्रीपर्यंत उभं राहून खातं, ते याच रात्रीच्या जोरावर. चाचींचा राजकुमार सात समुद्र पार करून तीन-तीन रात्री परतत नसे. इतकी लांबण दुपारी पेलवली नसती. दिवसा माणसं शेतावर, दुकानात. दिवसा गोष्ट सांगितली तर कामावरचा माणूस वाट चुकतोच. तो मामाचा नियम मला आता मुळीच भाबडा वाटत नाही.

आणि आमच्या कहाणीला दुपार का? कारण ती व्रताचा भाग. पूजा झाली, उपास सुटायचा आहे, बायका जमल्या आहेत, हातात अक्षता आहेत. 'साठा उत्तरांची कहाणी पाचा उत्तरी सुफळ संपूर्ण' म्हटलं की अक्षता वाहायच्या आणि पुढच्या कामाला लागायचं. ती लांबली तर सगळ्यांचीच पंचाईत.

आता दोन श्रावणांचं सांगते. महाराष्ट्रात राहणाऱ्यांना याची फारशी कल्पना नसते, आमच्या गावात मात्र ते जिन्यावर रोज भेटतं. आपला महिना अमावास्येला संपतो, हिंदी पट्ट्यातला पौर्णिमेला. त्यामुळे चाचींचं सावन आमच्या श्रावणाच्या पंधरा दिवस आधी लागायचं आणि राखीला संपायचं. आमचा श्रावण तेव्हा अर्ध्यावर, पुढे पोळ्यापर्यंत चालायचा. त्यांचे उपास सुरू व्हायचे तेव्हा आमच्याकडे कांद्याची भजी तळली जायची; आमचे उपास राहायचे तेव्हा त्यांचा भादों लागलेला. मधला शुक्ल पक्ष तेवढा दोघींचा. त्या सामाईक पंधरवड्यातल्या सोमवारी चाची जिना चढून वर यायच्या, पदर डोक्यावर घेऊन माईच्या शेजारी बसायच्या, आणि आपला नियम मोडून दुपारची कहाणी ऐकायच्या. त्यांचा भाऊ वाट चुकेल याची त्यांना भीती वाटत नव्हती का, ते मी कधी विचारलं नाही.

माईची सोमवारची कहाणी होती खुलभर दुधाची. राजाला वाटतं, महादेवाचा गाभारा दुधानं भरावा. तो दवंडी पिटतो, घरचं सगळं दूध देवळात आणा. लोक धाकानं आणतात. वासरं उपाशी, लेकरं उपाशी, आणि गाभारा काही भरत नाही. एक म्हातारी घरचं आवरते, मुलांना पाजते, गाईवासरांना चारा घालते, नि उरलेलं खुलभर दूध घेऊन जाते. तेवढ्यानं गाभारा काठोकाठ भरतो.

चाचींनी पहिल्याच वर्षी विचारलं, "ये खुल क्या होता है?" माईला अडखळल्यासारखं झालं. मग तिनं देवघरातली पितळेची लहान लोटी उचलून दाखवली. "अच्छा, लुटिया," चाची म्हणाल्या. पुढच्या सोमवारी माईच्या तोंडी लुटियाभर दूध आलं. आणखी एक-दोन वर्षांत आटपाट नगरातलं महादेवाचं देऊळ महाकाळाचं झालं, कारण चाचींच्या डोळ्यांसमोर दुसरं देऊळ येईना. वहीत या बदलांची नोंद आहे, तिथ्यांसकट.

मी नववीत असताना उन्हाळ्यात पुण्याला आत्याकडे गेले. सदाशिव पेठेतल्या त्यांच्या घरी आतेबहिणींना मी ही कहाणी सांगितली. लुटिया म्हटल्यावर त्या एकमेकींकडे बघायला लागल्या. "खुलभर. लुटियाभर काय? तुमच्याकडे चुकीचं सांगतात." माझा चेहरा उतरला. त्यांचा हेतू वाईट नव्हता, पण इंदूरच्या मराठी माणसाला हे वाक्य जन्मभर वेगवेगळ्या तोंडांतून ऐकू येतं. तुमचं मराठी वेगळं, तुमच्या साबूदाण्याच्या खिचडीवर शेव आणि जीरावन मसाला कशाला, तुमची चकली अशी का. त्याच मुक्कामात पानिपताचा विषय निघाला आणि काका सहज म्हणाले, "मल्हारराव होळकर तर निघूनच गेले." आमच्या वाड्यात हेच असं सांगत: मल्हाररावांनी गनिमी काव्याचा सल्ला दिला, भाऊसाहेबांनी इब्राहिमखान गारद्याच्या तोफांवर भिस्त ठेवली, आणि दिवस बुडाल्यावर मल्हाररावांनी आपली माणसं तरी घरी आणली. रणांगण तेच, १४ जानेवारी १७६१ तेच. इंदूरच्या राजवाड्यापासून पाहिलं की एक दिसतं, शनिवारवाड्यापासून दुसरं.

घरी परतल्यावर मी आप्पांना म्हटलं, माईला सांगा, खुलभर म्हण. माझ्या स्वरात राग होता. त्यांनी वही काढली आणि 'मूळ' हा रकाना दाखवला. सुरुवातीच्या पानांवर तो बारीक अक्षरांत भरलेला. मग रिकामा. आणि मग एका पानापासून पुढे सगळीकडे शाईनं खोडलेला.

"हे आडा बाजारच्या गाईमुळं झालं," आप्पा म्हणाले.

राजवाड्याच्या जवळचा आडा बाजार. इंदुरात वाढलेल्या प्रत्येकानं ती गोष्ट ऐकली आहे. अहिल्याबाईंचा मुलगा मालेराव रथातून चालला होता, चाकाखाली वासरू आलं आणि मेलं. गाय वासराजवळ बसून राहिली. अहिल्याबाईंना कळलं तेव्हा त्यांनी हुकूम दिला, मुलाला हातपाय बांधून त्याच रस्त्यावर टाका आणि त्याच्यावरून रथ चालवा. रथ हाकायला कुणी धजेना, मग त्या स्वतः बसल्या. आणि ती गाय येऊन रथापुढे आडवी उभी राहिली. हाकलली तरी पुन्हा आडवी. गाय आडवी झाली म्हणून आडा बाजार. माझ्या लहानपणी तिथून जाताना आई हात घट्ट धरायची आणि मी रस्त्यावर नजर टाकून गाय शोधायची.

आप्पा भूगोलाचे असले तरी इतिहास चोख वाचायचे. मालेराव १७६७ साली आजारपणात गेला. अहिल्याबाईंनी कारभार केला तो महेश्वराहून, नर्मदेच्या काठावरून. इंदूर राजधानी झालं १८१८ नंतर, त्यांच्या मृत्यूला बावीस-तेवीस वर्षं होऊन गेल्यावर. तेव्हा राणीनं राजवाड्याजवळच्या बाजारात स्वतः रथ हाकला, हे काही जुळेना. आप्पांनी 'मूळ' या रकान्यात प्रश्नचिन्ह टाकून ठेवलं.

मग ते आणि माई रामेश्वरच्या यात्रेला गेले. वाटेत तंजावर. मराठी माणूस तिथं थांबतोच, व्यंकोजीराजांच्या वंशाचं राज्य, सरस्वती महाल. तिथून कुणाच्या तरी सांगण्यावरून तिरुवारूरचं मोठं देऊळ बघायला गेले. देवळाजवळ एक दगडी रथ आहे. रथाच्या चाकाखाली राजपुत्र, आणि शेजारी गाय-वासरू. आप्पा सांगायचे, "माझ्या पायांतलं बळच गेलं. मला वाटलं मी आडा बाजारात उभा आहे." तिथल्या माणसानं मोडक्यातोडक्या हिंदीत सांगितलं, हा चोळ राजा मनुनीती. त्याच्या राजवाड्याबाहेर न्यायाची घंटा होती. राजपुत्राच्या रथाखाली वासरू मेलं, गाईनं घंटा ओढली, राजानं मुलावरून रथ नेला. मग शंकर प्रसन्न झाला आणि सगळे पुन्हा जिवंत झाले.

परत आल्यावर आप्पा दोन वर्षं याच एका गोष्टीमागे होते. शेवटी धागा पोचला सिंहलद्वीपाच्या महावंश या पाली ग्रंथापर्यंत, दीडेक हजार वर्षं मागे. तिथं राजा एळार. तीच घंटा, तीच गाय, तेच वासरू. पण तिथं कुणी प्रसन्न होत नाही. त्याच चाकानं मुलाचं डोकं उडतं आणि गोष्ट पुढच्या गोष्टीकडे वळते. आप्पांना क्षणभर वाटलं, सापडलं मूळ. जुन्या मध्यरेषेसारखंच, लंकेत! सिद्धांतांतली लंका म्हणजे विषुववृत्तावरचा कल्पिलेला बिंदू, खरं बेट नव्हे, हे त्यांना ठाऊक होतं, तरी एक दिवस ते फार खुशीत होते. दुसऱ्या दिवशी त्यांच्या लक्षात आलं की एळार हाही तमिळ देशातून लंकेत गेलेला राजा. म्हणजे गोष्ट तिथंही बाहेरून आलेली असू शकते. त्याच रात्री त्यांनी रकाना खोडला.

"पण शेवट बघ," ते मला म्हणाले. लंकेत मुलगा मरतो, तिरुवारूरला देवळामुळं जिवंत होतो, इंदुरात वाचतो तो गाय आडवी आली म्हणून. का? कारण बाजाराचं नाव आडा. ते नाव कशामुळं पडलं कुणास ठाऊक, रस्ता आडवा असेल म्हणून पडलं असेल. नावाला गोष्ट नव्हती, आणि गोष्ट जागा शोधत आली होती. नावानं तिचा शेवट वळवला. आणि गावाच्या मनात अहिल्याबाईंचा न्याय आधीच उभा होता, म्हणून ती चोळ राजाची न राहता त्यांची झाली. घंटा तेवढी गळाली.

ही पकड आप्पांच्या शास्त्रातली मुख्य गोष्ट. गोष्ट नव्या गावात आली की तिथं आधीच असलेलं काहीतरी धरते. एखादं नाव, नदी, भांडं, देऊळ. धरलं की टिकते. नाही धरलं तर सांगणाऱ्याबरोबर जाते.

फार नंतर, मी नोकरीत असताना, मला कळलं की दूरदेशी काही विद्वानांनी हाच माग काढला होता. फिनलंडच्या अभ्यासकांनी एकेका लोककथेची शेकडो रूपं देशोदेशीहून गोळा करून तिचं मूळ गाव शोधायचा प्रयत्न केला, आप्पांच्या खोडलेल्या रकान्यासारखा. स्वीडनच्या कार्ल फॉन सिडोव्हनं वनस्पतिशास्त्रातला शब्द उसना घेऊन म्हटलं की झाड जसं माती-हवेनुसार आपली जात बनवतं, तशी गोष्टही बनवते. (नट मॅक्स फॉन सिडोव्ह त्यांचा मुलगा.) रशियाचा मिखाईल बाख्तिन कथेतल्या काळ-स्थळाच्या विणीला सापेक्षतावादातून घेतलेला शब्द वापरायचा; रस्ता, उंबरठा, जुना वाडा अशा जागा काळाला कसा आकार देतात ते त्यानं दाखवलं. आणि वेल्समध्ये बेडगेलर्ट नावाचं खेडं आहे. नावाचा अर्थ गेलर्टची कबर. गोष्टीत गेलर्ट हा कुत्रा. मालकाला वाटलं त्यानं बाळाला खाल्लं, म्हणून मारला, आणि मग पाळण्याखाली बाळ सुखरूप नि लांडगा मेलेला. आपल्या पंचतंत्रातली ब्राह्मणी आणि मुंगूस, दुसरं काय! तिथली कबर अठराव्या शतकाच्या अखेरीला गावातल्या एका खाणावळवाल्यानं रचली असं मानतात. नाव होतं, गोष्ट आली, दगड रचला गेला. हे वाचलं तेव्हा आप्पा नव्हते. वहीत मी माझ्या अक्षरात ती नोंद केली, आडा बाजारच्या पानासमोर.

वही आता माझ्याकडे असते. वाड्याच्या जागी इमारत उभी आहे, आम्ही विजयनगरकडे राहायला आलो, चाचींचं कुटुंबही विखुरलं. नोंदी मी करत राहिले, तुटक तुटक. त्यातली एवढ्यातली एक सांगते.

महाकाळाची सवारी सावनच्या सोमवारांना निघते आणि भादोंच्या कृष्ण पक्षातही निघत राहते, म्हणजे आमचा श्रावण संपेपर्यंत. दोन्ही मजल्यांचे श्रावण ती सांभाळते. राखी होऊन गेल्यानंतरच्या सोमवारी मी उज्जैनला गेले होते. दुपारचे साडेतीन-चार. रस्त्याच्या कडेला गर्दी, पालखी अजून यायची होती. माझ्या शेजारी एक तरुण बाई पाच-सहा वर्षांच्या मुलाला रमवायला गोष्ट सांगत होती. "उज्जैन में एक राजा था. उसने कहा, महाकाल का गर्भगृह दूध से भर दो." मी वळून पाहिलं. हनुवटी चाचींची. नाव विचारलं, आजीचं नाव विचारलं. चाचींचीच नात होती.

मी ओळख दिली, तिनं वाकून नमस्कार केला, मुलानंही केला. मी म्हटलं, गोष्ट पुरी कर. तिनं केली. म्हातारीनं आधी बछड्याला पाजलं, मग नातवंडांना, मग गल्लीतल्या कुत्रीच्या पिलांना. पिलं माईच्या गोष्टीत नव्हती. मग ती लुटिया घेऊन निघाली. गाभारा भरला. आणि शेवटी नात म्हणाली, "साठ उत्तर की कहानी, पाँच उत्तर में पूरी." मी विचारलं, याचा अर्थ काय? "पता नहीं आंटी, दादी ऐसे ही बोलती थीं. हमारे यहाँ की कहानी है."

तिचा भाऊ गाडी लावायला गेला होता, अर्धा तास झाला तरी पत्ता नव्हता. फोन लागत नव्हता. ढोल जवळ यायला लागले होते. मुलगा टाचा उंचावून मागच्या गर्दीकडे बघत होता आणि त्याच्याबरोबर मीही बघत होते.

रात्री घरी येऊन वही उघडली. लिहिलं: उज्जैन, रस्त्याच्या कडेला, उभ्यानं. त्यांचा भादों, आमचा श्रावण, कृष्ण पक्ष, सोमवार, तिसरा प्रहर. सांगणारी चाचींची नात. हातात काम: लेकराचं बोट. बदल: कुत्रीची पिलं आली. मग शाई वाळायच्या आत खाली आणखी एक ओळ लिहिली: मामा पालखीच्या आधी पोचला.